पट्टेदार जेवायला बसलेत

सोनजवळग्याचा लिंगाप्पा हटकर या जगातून उठून गेला हे गावातल्या शेरडांनाही ठाऊक होतं. माती द्यायला पार खजुरीपासून माणसं आली होती, आणि तेराव्याचा गूळभात रांधता रांधता रेणुकाबाईच्या दोन्ही हातांना फोड आले होते. ठाऊक नव्हतं ते एकट्या तहसील कचेरीला. तिथल्या कागदांत लिंगाप्पा अजून ओढ्याकडच्या काळ्या रानाचा पट्टेदार, म्हणजे मालक, होता. तो दरसाल पेरत होता, दरसाल कापत होता, आणि निजाम सरकारच्या हिशेबानं त्याची तब्येत अगदी उत्तम होती.

रेणुकाबाई त्याची सून, एकुलत्या लेकाची बायको. माहेर निंबर्ग्याचं, त्यामुळे मान ताठ आणि जीभ मानेहून ताठ. शाळा तिनं बाहेरूनच पाहिली होती. पण रान कुठवर आपलं आणि कुठून दुसऱ्याचं हे कळायला शाळा लागत नाही.

सासरा गेला तेव्हा तिच्या नवऱ्यानं विरासतीचा अर्ज दिला होता. म्हणजे काय, तर कागदावरून बापाचं नाव काढा आणि लेकाचं लावा, एवढंच. पटवारी श्रीपतरावांनी चौकशी करून खाली सही ठोकली. अर्जाच्या कागदांची मिसल तहसीलीत गेली, तहसीलीतून वर गेली, आणि वर कुठं गेली ते देवाला ठाऊक. नवरा पेरणी झाली की जायचा, कापणी झाली की जायचा, आणि तहसीलीतल्या कारकुनासमोर, म्हणजे पेशकारासमोर, पागोटं काखेत धरून उभा राहायचा. शेवटी एका साली मिसल खाली उतरली. तिच्यावर वरच्या साहेबाचा उर्दूत शेरा होता: मरणाबाबत पट्टेदाराचं स्वतःचं म्हणणं काय आहे, ते लिहून घेऊन पाठवावं. श्रीपतरावांनी ते वाचलं, चष्मा काढून पुसला, पुन्हा वाचलं, आणि बायकोला पाणी आण म्हणाले.

मग नवराही तापानं गेला. तोवर सरकारनं गावोगावी पाटलाकडं मरणाची वही दिलेली, म्हणून त्याचं मरण दुसऱ्याच दिवशी कागदावर चढलं. म्हातारा गेला तेव्हा वही नव्हती. त्याचं राहिलं ते राहिलंच. आता सुनेनं अर्ज केला तर पेशकार म्हणाला, "बाई, तुझा नवरा मयत, हे कबूल. पण त्याचा बाप जित्ता हाय. बाप जित्ता असताना रान लेकाचं झालंच न्हाई. जे त्याचं न्हाई ते तुझं कसं होईल?"

"मामंजी जित्ते हायती तर दावा की मला," रेणुकाबाई म्हणाली. "मला बी लई बोलायचं हाय त्यांच्यासंग."

"ते तुमच्या घरचं काम," असं म्हणून पेशकार पान लावू लागला.

हे एवढंच असतं तर तिनं कचेरीच्या नावानं बोटं मोडत जन्म काढला असता. बाईमाणसाला कुणाच्या तरी नावानं बोटं मोडावीच लागतात. पण नागप्पानं धुरा ढकलायला सुरुवात केली.

नागप्पा तिचा चुलत दीर, नवऱ्याहून लहान, अंगानं आडवा. त्याचं रान तिच्या रानाला लागून, आणि मधे धुरा, म्हणजे हद्दीचा बांध. दर पेरणीला त्याचा नांगर त्या धुऱ्याची एक रेघ खायचा. एक रेघ म्हणजे काही नाही; घुशीनं उकरलं म्हणून सोडून द्यावं. पण घूस दरसाल उकरायला लागली की घर पडतं. धुऱ्यावरची बाभळ आता नागप्पाच्या तुरीत उभी होती आणि तिला स्वतःलाच आपण इकडं कशा आलो ते कळत नसावं. असंच चाललं तर आणखी चारदोन पावसाळ्यांत त्याचे बैल रेणुकाबाईच्या विहिरीवर पाणी प्यायला आपल्या रानातून येणार होते.

ती श्रीपतरावांकडं गेली. ते म्हणाले, "तक्रार पट्टेदारानं करायची असते. तुम्ही कोण?"

"मी कोण ते तुमास्नी ठाऊक न्हाई? तुमच्या लेकीच्या बाळंतपणात तूप कुणाच्या घरचं गेलं?"

"मला ठाऊक आहे हो. कागदाला ठाऊक नाही."

ती नागप्पाकडं गेली. तो धुऱ्यावर बसून तंबाखू मळत होता. "वैनी, कामून ओरडायलीस?" तो म्हणाला. "काकाचं रान हाय. काका काई म्हणले तर बगू."

त्या दिवशी रेणुकाबाईनं गाडी जुंपली आणि तालुक्याच्या गावी हणमंतराव वकिलाच्या ओसरीवर जाऊन बसली.

हणमंतराव बारीक, उंच, आणि बोलताना डोळे मिटून घेणारे. सगळं ऐकून झाल्यावर त्यांनी डोळे मिटले. "मुन्सिफाच्या अदालतीत दावा लावू," ते म्हणाले. "तहसील काम करत नाही, तिला हुकूम द्या, असा."

"म्हंजी अदालत माझं नाव लावती?"

"नाही. अदालत नाव लावत नाही. नाव लाव म्हणून तहसीलीला सांगते."

"म्हंजी नवरा ऐकंना म्हणून सासूला सांगायचं."

"अगदी तसंच. फक्त या सासूचं ऐकलं नाही तर तहसीलदाराला स्वतः येऊन कारण सांगावं लागतं. आणि तहसीलदाराला सगळं आवडतं, कारण सांगणं आवडत नाही." वकिलांनी एक डोळा उघडला. "आता नीट ऐका. ज्याचं नाव काढायचं त्याला समन काढावंच लागतं. लिंगाप्पाच्या नावानं समन निघेल. चपराशी तुमच्या दारात येईल, लिंगाप्पा कुठं म्हणून विचारील. तुम्ही एक शब्द बोलायचा. मेले. तो समनाच्या पाठीवर लिहील, मेले. झालं. सरकारी माणसानं सरकारी कागदावर लिहिलेलं मरण. मग पेशकाराचा बाप आला तरी लिंगाप्पाला जिता करू शकत नाही."

रेणुकाबाई पदराचं टोक बोटाला गुंडाळू लागली. वकिलांना वाटलं बाईला बेत फार आवडला.

बेत आवडला होता. अडचण त्या एका शब्दाची होती. हटकरांच्या घरी कर्ता माणूस गेला की वर्षाच्या आत त्याचा चांदीचा टाक घडवतात आणि वाजतगाजत देव्हाऱ्यात बसवतात. लिंगाप्पाचा टाक हुमनाबादच्या सोनारानं घडवलेला, मिशा सुद्धा उठावदार. टाक एकदा बसला की माणूस बसला. त्याला रोज निवद, सणाला पुरण, आणि त्याच्या आधी घरात कुणाच्या तोंडात घास नाही. मामंजी न्हाले, मामंजी जेवले, मामंजी आज रुसलेत, असंच बोलायचं. त्याच्याबद्दल मेला हा शब्द पुन्हा त्या घरात निघत नाही. निघाला तर ज्याच्या तोंडून निघाला त्याला बसलेला माणूस उठून जाब विचारतो, आणि तो जाब कसा असतो ते ज्यांनी ऐकलं त्यांच्या गुरांना खुरकूत झालेली साऱ्या वाडीनं पाहिली आहे. टाकांच्या रांगेत आता नवराही बापाशेजारी बसला होता.

गाडीत येताना रेणुकाबाईनं मनाशी ठरवलं. दारात उभं राहायचं, देव्हाऱ्याचं दार ओढून घ्यायचं, पदर तोंडाला लावायचा आणि शब्द बोलून टाकायचा. देव्हाऱ्यापर्यंत ऐकू जाणार नाही एवढ्या आवाजात. हळू बोलायची सवय तिला जन्मात नव्हती, पण रानासाठी माणूस काय काय शिकतं.

चपराशी आला तो नेमका पित्रांच्या अमावस्येला.

त्या दिवशी देव्हाऱ्याचं दार ओढायचा प्रश्नच नव्हता. टाक पाटावर मांडलेले, समोर केळीच्या पानावर पुरणपोळी, कढी, भजी, गवारीची भाजी. घरात शब्द नाही, कारण पितर जेवत असताना बोलत नाहीत. तेवढ्यात दारातून खणखणीत आवाज आला, "लिंगाप्पा है क्या घर में? ए लिंगाप्पा, बाहर आ."

खाजामियाँ चपराशी वाईट माणूस नव्हता. सकाळपासून चिखल तुडवत आला होता, आणि समन घेऊन फिरणाऱ्याला सगळे जण एकेरीच असतात. पण रेणुकाबाईच्या सासऱ्याला दारातून अरेतुरे करून कुणी हाक मारली नव्हती. तो हयात असताना नाही, बसल्यावर तर नाहीच. त्यात नागप्पा गंमत बघायला चपराशाच्या मागं येऊन उभा. त्याच्या मिशीत हसू. वकिलांनी शिकवलेला शब्द तिच्या ओठापर्यंत आला होता. नागप्पाची मिशी बघून तो आल्या वाटेनं परत गेला.

"हायती," ती म्हणाली. "जेवायला बसलेत."

"बुलाव जरा. सरकारी समन है."

"जेवल्याबिगर उठत न्हाईत."

"अगे अम्मा, मुन्सिफसाब का समन है."

"तुझा मुन्सिफ आला तरी उठत न्हाईत. तहसीलदार आला तरी न्हाई. तुमच्यासारखे किती आले आन् दारात वाळले. कागद दे हिकडं न्हाईतर घेऊन जा."

खाजामियाँनी आत डोकावून पाहिलं. ओसरीच्या पलीकडं अंधार, पुरणाचा वास, उदबत्तीचा धूर, आणि पाटासमोर वाढलेलं पान. माणूस काही दिसला नाही, पण परक्याच्या घरात बायामाणसं असताना जास्त डोकावू नये एवढी रीत त्यांनाही होती. त्यांनी उंबऱ्यावर बसून समनाच्या पाठीवर लिहिलं आणि साक्षीदार म्हणून नागप्पाचा अंगठा घेतला. रेणुकाबाईनं त्यांना जाताना दोन पोळ्या बांधून दिल्या. भांडण वेगळं, अमावस्येचं अन्न वेगळं.

कार्तिकात तारीख लागली. मुन्सिफसाहेब औरंगाबादकडचे, वयस्क, दम्यानं बेजार. त्यांना मराठी समजायची आणि बऱ्यापैकी बोलताही यायची. त्यांच्यासमोर समन वाचलं गेलं. लिंगाप्पा घरी मिळाले. जेवण चालू होतं. समन घेण्यास बाहेर येण्याचं नाकारलं. सून सांगते की मुन्सिफसाठी किंवा तहसीलदारासाठीही उठण्याची त्यांना सवय नाही.

हणमंतरावांनी डोळे मिटले आणि बराच वेळ उघडलेच नाहीत.

तहसीलीकडून पेशकार आला होता. त्याचा चेहरा लग्नातल्या व्याह्यासारखा खुलला. तो उठून म्हणाला, "हुजूर, आमच्या कचेरीवर दिरंगाईचा आरोप आहे. आता अदालतीच्याच चपराशानं लिहून दिलं की पट्टेदार जिवंत आहे आणि पुरणपोळी खातो. आम्ही घाई केली असती तर एका जित्या माणसाला मारून बसलो असतो. इतकी वर्षं आम्ही जी काळजी घेतली तिला बाई दिरंगाई म्हणतात."

मुन्सिफसाहेबांनी मान हलवली. म्हणण्यात दम होता.

"आणि हा लिंगाप्पाचा सख्खा पुतण्या," असं म्हणत पेशकारानं नागप्पाला पुढं केलं. नागप्पानं नवं धोतर नेसलं होतं. खरं सांगीन म्हणून त्यानं हात वर केला आणि सांगितलं, "काका हायती, साहेब. घरीच बसून असतात. माझ्यासंग बोलतात बी. धुरा जरा सरकव म्हणून त्येनीच सांगितलं मला. वैनीला ठाऊक न्हाई."

रेणुकाबाईच्या पायाखालची फरशी गरम झाली. धुरा खाल्ला तो खाल्ला, वर खाणाऱ्यानं वाढणारा म्हणून मामंजींचं नाव घेतलं.

मुन्सिफसाहेब खोकले आणि त्यांनी हुकूम दिला. पट्टेदार लिंगाप्पानं पुढच्या तारखेला स्वतः हाजिर व्हावं आणि आपलं म्हणणं सांगावं. हाजिर न झाल्यास बाईचा दावा खारीज.

बाहेर लिंबाच्या झाडाखाली हणमंतराव तिला म्हणाले, "एक शब्द. एक शब्द शिकवला होता मी तुम्हाला."

"अमावस्येला कुणी असला शब्द बोलतं व्हय?"

"मग आता एकच वाट. पुढच्या तारखेला तुम्ही स्वतः उभं राहून सांगायचं की ते मेले आणि त्या दिवशी मी रागानं बोलले."

"आन् मामंजींनी मला विचारलं तर?"

"कोण विचारील?"

तिनं वकिलाकडं पाहिलं. शिकलेल्या माणसांना सगळं नव्यानं सांगावं लागतं. "गावातलं कुणी नाही का साक्षीला?" वकिलांनी विचारलं. पण वाडीतले सगळे हटकर, तो शब्द तेही बोलणार नव्हते; आणि श्रीपतराव तहसीलीचं मीठ खाणारे, तहसीलीविरुद्ध साक्ष म्हटल्यावर त्यांना पोटशूळ उठला होता आणि तो तारीख होईपर्यंत उतरायचा नव्हता.

रेणुकाबाई घरी आली, हातपाय धुतले आणि देव्हाऱ्यासमोर बसली. बराच वेळ ती त्या चांदीच्या मिशांकडं बघत होती. मग उठली आणि म्हणाली, "मामंजी, साहेबांनी बोलावलंय. जावंच लागतंय."

मार्गशीर्षातल्या तारखेला अदालतीच्या आवारात एक गाडी शिरली. गाडीत सतरंजी, सतरंजीवर पाट, पाटावर पितळी ताट, ताटात तांदळाच्या राशीवर लिंगाप्पा. नवऱ्याला तिनं घरीच ठेवलं होतं. त्याला समन नव्हतं. शेजारी कुळदैवत मैलारलिंगाच्या भंडाऱ्याची पिशवी. उन्हाचा त्रास नको म्हणून तिनं ताटावर छत्री धरलेली. आवारातले पक्षकार आपापले दावे विसरून मागं निघाले.

"लिंगाप्पा हटकर, हाजिर हो," खाजामियाँनी पुकारा केला.

रेणुकाबाई ताट घेऊन आत गेली आणि साक्षीदाराच्या कठड्यात पाट मांडून त्यावर ताट ठेवलं. स्वतः बाजूला उभी राहिली, सासऱ्यासमोर उभं राहतात तशी, डोक्यावर पदर ओढून.

मुन्सिफसाहेबांनी चष्मा चढवला. "हे काय?"

"पट्टेदार," ती म्हणाली.

पेशकार हसला. साहेब हसले नाहीत. त्यांनी खाजामियाँना जवळ बोलावलं. "त्या दिवशी जेवायला बसले होते ते हेच?"

खाजामियाँनी ताटाकडं पाहिलं, बाईकडं पाहिलं. "हुजूर, पान वाढेलं था. वास बी आया. आदमी दिखा नहीं." मग प्रामाणिक माणूस असल्यानं त्यांनी जोडलं, "पोळ्या अच्छ्या थ्या."

"बाई," साहेब म्हणाले, "सरळ सांग. तुझे सासरे जिवंत आहेत की गेले?"

"साहेब, समोर बसलेत. त्यांच्या तोंडावर मी काय बोलू? तुमच्या घरात बोलतात व्हय वडीलधाऱ्याच्या तोंडावर?"

साहेबांनी विचार केला. त्यांच्या घरात बोलत नसत.

"हुजूर," हणमंतराव उठू लागले, पण रेणुकाबाईनं त्यांना हातानं खाली बसवलं. वकिलाला पैसे बोलायचे देतात हे खरं, पण दर वेळी नाही.

"साहेब," ती म्हणाली, "तुम्ही त्यांचं म्हणणं मागितलं. मी त्यांना घेऊन आले. आता मी सून, माझ्यासंग ते कधी बोललेच न्हाईत, बसल्यावर बी न्हाई, त्याच्या आदी बी न्हाई. पण पुतण्यासंग बोलतात. पुतण्यानं इथंच सांगितलंय, हात वर करून. तर त्यालाच विचारू द्या. आमच्यात हात वर करून काई होत न्हाई, पंख तर बगळा बी वर करतो. आमच्यात भंडारा उचलतात. त्यानं मैलाराचा भंडारा उचलावा, काकाच्या डोक्यावर हात ठिवावा, आन् सांगावं की काका बोलले, धुरा सरकव म्हणले. एवढं त्यानं सांगितलं की मी सगळं रान सोडते. विहिरीसकट."

हणमंतरावांचे दोन्ही डोळे एकदम उघडले.

मुन्सिफसाहेब पेशकाराकडं वळले. "तुमचाच साक्षीदार आहे. हरकत?"

पेशकार शहरातला. त्याला भंडारा म्हणजे हळदीची भुकटी एवढंच ठाऊक. "काही हरकत नाही, हुजूर," तो म्हणाला. "उचल रे."

नागप्पा उठला. कठड्यापर्यंत आला. रेणुकाबाईनं पिशवीचं तोंड सोडून पुढं केलं. त्यानं पिशवीत बोटं घातली आणि ती तिथंच राहिली, जणू आतून कुणी धरली. ताटातल्या मिशा त्याच्याकडं बघत होत्या. लहानपणी याच मिशांनी त्याला मैलारच्या जत्रेत खांद्यावर बसवून नेलं होतं, आणि बोराच्या चोरीसाठी याच मिशांनी त्याला बाभळीला बांधलंही होतं. त्याच्या घरी दोन गाभण म्हशी होत्या.

"बोल की," पेशकार म्हणाला. "काका बोलतात ना तुझ्याशी?"

नागप्पानं भंडारा कपाळाला लावला, पण हात टाकाकडं जाईना. "मी... धुरा मीच सरकवला, साहेब," तो म्हणाला. "काका काई बोलले न्हाईत."

"का बोलले नाहीत?" साहेबांनी विचारलं.

"बोलतील कसे," नागप्पा म्हणाला. "काका मेले की साहेब. मीच खड्डा खांदला."

वाडीत जो शब्द इतकी वर्षं कुणी तोंडातून काढला नव्हता तो भर दुपारी सरकारी छपराखाली पडला, आणि तो बोलल्याबरोबर नागप्पानं टाकासमोर लोटांगण घातलं. रेणुकाबाईनं पदराआडून ओठ चावले. तिला हसू आलं की रडू, हे तिला स्वतःला सांगता आलं नसतं. तिनं चिमूटभर भंडारा घेतला आणि सासऱ्याच्या डोक्यावर टाकला, म्हणजे त्यांनी मनाला लावून घेऊ नये.

मुन्सिफसाहेबांनी फैसला सांगितला आणि कारकुनानं तो जसाच्या तसा उतरवला. लिंगाप्पा हटकर अदालतीत स्वतः हाजिर झाले. त्यांच्या समक्ष त्यांचं मरण त्यांच्या सख्ख्या पुतण्यानं शाबीत केलं. लिंगाप्पांनी त्यावर काही हरकत घेतली नाही. सबब तहसीलीनं पौषाच्या आत बाईचं नाव लावावं. न लावल्यास तहसीलदारांनी स्वतः येऊन कारण सांगावं.

"हुजूर," पेशकार काकुळतीला आला, "माणूस हाजिर पण आहे आणि मयत पण आहे, असं कागदावर कसं चालेल?"

"तुमच्या कागदावर इतकी वर्षं चाललंच होतं," साहेब म्हणाले आणि खोकू लागले.

पण पेशकाराचंही नशीब चांगलं. कचेरीत जाऊन त्यानं जुनी मिसल काढली, तर वरच्या साहेबाला पट्टेदाराचं स्वतःचं म्हणणं पाहिजेच होतं. ते आता मिळालं होतं, अदालतीच्या शिक्क्यासकट: काही हरकत नाही. इतकी पूर्ण झालेली मिसल त्या कचेरीनं आजवर पाहिली नव्हती. तहसीलदारानं आनंदानं सही केली. श्रीपतरावांचा पोटशूळही त्याच आठवड्यात उतरला आणि ते साखळी घेऊन मोजणीला आले.

"पट्टेदार, या," त्यांनी रानात उभं राहून हाक मारली. रेणुकाबाईनं आधी मागं वळून पाहिलं, कुणाला बोलावतात म्हणून. मग पदर खोचला आणि पुढं गेली.

साखळी ओढ्यापासून सुटली ती बाभळीच्या पुढं जाऊन पडली. खुंटी ठोकली गेली तेव्हा नागप्पाच्या उभ्या तुरीचा एक लांब पट्टा रेणुकाबाईच्या रानात आला होता. शेंगा भरलेल्या, पिवळ्या पडायला लागलेल्या. नागप्पा हातात विळा घेऊन उभा होता आणि विळ्याकडंच बघत होता.

"काप की," ती म्हणाली. "माझ्या तोंडाकडं काय बगायलास? पेरलेलं पेरणाऱ्याचं. माती तेवढी ठिऊन जा."

तो तरी हलेना. श्रीपतराव साखळी गुंडाळत लांब गेल्यावर तो हळूच म्हणाला, "वैनी, मी तो शब्द बोललो. काकांनी ऐकला असंल?"

"ऐकला की. बहिरे हायती व्हय?"

"मग?"

रेणुकाबाईनं खुंटी पायानं दाबून बघितली. घट्ट होती. "चार दिवस जेवले न्हाईत नीट," ती म्हणाली. "मग मी समजावलं. म्हणलं, मामंजी, घरात बोलला असता तर गोष्ट वेगळी. अदालतीत बोलला. तिथं सगळेच कायबी बोलतात."

"आन् काय म्हणले?"

"म्हशी व्याल्या की खरवस घेऊन यायला सांगितलंय."

नागप्पानं मान हलवली, धोतर वर खोचलं आणि ओढ्याकडच्या टोकापासून तूर कापायला वाकला.